काना, मात्रा

पर्वरीच्या कोर्टात एसीची थंडी फार.
मी शाल घेऊन गेलो, शिपाई हसला.
दुभाष्या निवृत्त होतो,
त्याने लिहिलेलं कामावरच राहतं.

कागद अकरा वर्षांपूर्वीचा, म्हापशाचा. अक्षर माझं.
साक्षीदार क्रमांक चार, आवडी परवार,
वय बावन्न, धंदा सुपं-डाली विणणे.
नेमके शब्द लिही, असं तेव्हाचे जजसाहेब म्हणालेले,
म्हणून इंग्रजीच्या मधोमध एक ओळ देवनागरीत:
"माका दिसला. तोच."

दसऱ्याची रात्र. पेडण्याकडचा एक गाव.
तरंग कलंडलं, आणि तिच्या विनेशने
पडू नये म्हणून हात दिला.
एवढंच.
देव पडला नाही.
मध्यरात्र उलटल्यावर मांगराच्या मागे
तो हात मनगटाशी मोडला गेला.
कोयत्याच्या मुठीने की मुसळाने,
ह्यावर दोन डॉक्टरांचं एकमत नाही.

आरोपींचे वकील सौम्य बोलतात.
भला माणूस, गरिबांच्या केशी फुकट चालवतो.
म्हणाले, मायलॉर्ड, त्या बाजूच्या बोलीत
'माका दिसलो' म्हणजे तो माझ्या नजरेला पडला.
'माका दिसला' म्हणजे मला वाटलं.
बाईला वाटलं. वाटणं हा पुरावा नव्हे.
आणि वीज खात्याची वही सांगते,
खांबावरचा दिवा चतुर्थीपासून बंद.

जजसाहेब विदर्भातले. चष्मा काढून त्यांनी मलाच विचारलं:
तुम्ही काय ऐकलंत? लो की ला?

कानामात्रेचाही फरक नाही, असं आपण म्हणतो.
इथे तेवढाच होता.
त्या दिवशी ती रडत होती, पंखा खडखडत होता,
माझी रिफिल संपत आलेली.
मात्रा तिने गिळली
की माझ्या पेनाने?
खोटं बोलायला एक क्षण पुरला असता.
तो क्षण आला, माझ्यासमोर उभा राहिला, गेला.
"आठवत नाही," म्हणालो.
खरंच आठवत नव्हतं.

संशय वाजवी आहे, असं निकालात आलं.
वाजवी.
हा शब्द मी शुक्रवारच्या बाजारात ऐकतो.
गिऱ्हाईक सूप उलटंसुलटं करून म्हणतं, वाजवी सांग गे.
ती सांगते. तरीही ते पाच रुपये पाडतात.
संशयाचा फायदा
आपीलकर्ते क्रमांक एक ते तीन यांना.

मी संशयाच्या विरुद्ध नाही.
संशयानेच माझा मेव्हणा सुटला होता,
त्याने खरंच काही केलं नव्हतं.
बहिणीने पेढे वाटले, मीही दोन खाल्ले.
पण एक प्रश्न त्या दिवशी कुणी विचारला नाही,
मीही नाही, दुभाष्याने विचारायचा नसतो:
त्याच काळोखात, त्याच विझल्या खांबाखाली,
त्या तिघांना
नेमकं तेच मनगट कसं सापडलं?
त्यांना काही वाटलं नव्हतं.
त्यांना दिसलं होतं, दिव्याशिवाय,
जसं त्यांच्या आज्यांना दिसायचं, पणज्यांना दिसायचं.

मी राहतो त्या वाड्यावरून तिचं घर दिसत नाही.
मधे टेकडी नाही, झाडंही नाहीत.

पुढच्या शुक्रवारी म्हापशात गेलो.
विनेश सुपं मांडत होता, डाव्या हाताने.
तिने मान वर केली,
बेळाची सल सोलता सोलता म्हणाली,
"माका दिसला तू येतलस."

मी कान देऊन ऐकलं. ला. नुसता काना.

एक सूप घेतलं. भाव केला नाही,
नोट पुढे केली, राहू दे म्हटलं.
तिने कमरेची पिशवी सोडली,
उरलेले वीस रुपये
दोनदा मोजून माझ्या हातावर ठेवले.